पेंडिंगचं कपाट

माझ्या निरोप समारंभात आमच्या कचेरीचे शिपाई रमणभाई दोन शब्द बोलायला उभे राहिले. "सोनवणेभाईए कोई दी कोईने ना नथी पाडी," एवढंच म्हणाले आणि खाली बसले. म्हणजे सोनवणेंनी कधी कोणाला नाही म्हटलं नाही. लोक मनापासून हसले, टाळ्या वाजल्या, मीही गळ्यातला हार सावरत हसलो. घरी परतताना उधन्याच्या पुलावर रिक्षा अडकली, तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला की लोक नेमके कशाला हसले. इतक्या वर्षांत मी कोणाला नाही म्हटलं नाही हे खरं आहे. पण हो तरी कितीजणांना म्हटलं, हा हिशेब रमणभाईंकडे होता.

मी सुरतेतल्या एका सब-रजिस्ट्रार कचेरीत कारकून होतो. शहरात अशा बऱ्याच कचेऱ्या आहेत, त्यातली कोणती ते सांगत नाही. वडील शिरपूरकडून येऊन उधन्याच्या मिलमध्ये लागले, मी महापालिकेच्या मराठी शाळेत शिकलो, पुढे गुजराती पक्कं केलं आणि सरकारी परीक्षा दिली. "पोऱ्या सरकारना शिक्का मारस," असं वडील मिलमध्ये सांगायचे. शिक्का मारण्यापेक्षा न मारण्यात मी जास्त तरबेज आहे, हे त्यांना शेवटपर्यंत कळलं नाही, हे बरंच झालं.

बाहेरच्या माणसाला आमचं काम फार गूढ वाटतं. ते तसं मुळीच नाही. कोणी घर विकतो, कोणी बायकोला बक्षीस देतो, कोणी गहाण टाकतो. त्याचा कागद होतो, त्याला दस्त म्हणायचं. लिहून देणारा आमच्यासमोर येऊन सांगतो की हा मीच लिहून दिला आहे. आम्ही ओळखपत्रं पाहतो, स्टॅम्प पुरेसा लावलाय का ते पाहतो, फोटो काढतो, अंगठा घेतो, दोन साक्षीदारांच्या सह्या घेतो आणि दस्ताला नंबर देतो. ते घर खरोखर त्याचं आहे का, हे आम्ही तपासत नाही. हे ऐकून लोक दचकतात. मलाही पहिल्या महिन्यात दचकायला झालं होतं, नंतर सवय झाली.

आता मुख्य गोष्ट. कायद्यानं आमच्यापुढे दोनच वाटा ठेवल्या आहेत. दस्त नोंदवा, नाहीतर नाकारा. नाकारला तर कारण लेखी द्यावं लागतं, आणि लेखी दिलं की त्यावर वर अपील होतं, वरचे साहेब विचारतात, खालचे साहेब कारकुनाकडे बघतात. म्हणून हुशार कारकुनांनी तिसरी वाट शोधून काढली, जी कुठल्याच कायद्यात नाही. दस्त नोंदवायचा नाही आणि नाकारायचाही नाही. त्याला एक चिठ्ठी लावायची, चिठ्ठीवर एक शंका लिहायची आणि तो कपाटात ठेवायचा. आमच्याकडे त्यासाठी एक हिरवं लोखंडी कपाट होतं. त्याची किल्ली माझ्याकडे असायची, आणि खोटं कशाला सांगू, ती खिशात असली की मला जरा उंच झाल्यासारखं वाटायचं.

उशिराबद्दल लोक आम्हाला शिव्या देत, पण सगळा उशीर आमचा नसे. सुरतेत विजय मुहूर्ताचं वेड भारी. दुपारी बारा वाजून एकोणचाळीस मिनिटांनी केलेलं काम यशस्वी होतं, अशी पक्की समजूत. बारापर्यंत आमच्या बाकांवर माशा बसलेल्या असत आणि साडेबाराला उभं राहायला जागा नसे. एकदा एक हिरे घासणारे काका कतारगामहून आले. साडेतीन खोल्यांचा फ्लॅट घेतला होता. बारा सदतीसला त्यांनी यंत्राच्या काचेवर अंगठा टेकवला आणि त्याच क्षणी सर्व्हर बसला. काकांनी अंगठा उचलला नाही. एक वाजून दहा मिनिटांनी सर्व्हर उठला, तेव्हा काका म्हणाले, "साहेब, टाइम बार ओगणचालीस लखजो." मी म्हटलं, वेळ यंत्र लिहितं, मी नाही. ते उठले. विकणाऱ्याला, दोन साक्षीदारांना आणि दस्त लिहिणाऱ्या वकिलाला घेऊन परत गेले आणि दुसऱ्या दिवशी बारा पस्तीसला हजर झाले. एक अख्खा दिवस वाया गेला, पण त्याबद्दल त्यांनी कोणावर ठपका ठेवला नाही. जाताना मला पेढा दिला.

मराठी माणसं आली की मात्र माझी पंचाईत व्हायची. कचेरीत मी एकटाच मराठी. डिंडोलीचं किंवा उधन्याचं कोणी दारात दिसलं की टेबलाटेबलावरून आवाज यायचा, "सोनवणेभाई, तमारावाळा आव्या." तुमची माणसं आली. बोलणाऱ्यांच्या मनात काही नसे. पण मी ते मनाला लावून घेतलं. मी आपल्या माणसांची कामं पटापट करतो, असं कोणी म्हणू नये म्हणून मी त्यांच्या कागदांना भिंग लावू लागलो. गुजराती माणसाच्या दस्ताला मी जेवढ्या शंका काढायचो त्याच्या दुप्पट खानदेशी माणसाच्या दस्ताला काढायचो. ते अहिराणीत बोलले तर मी गुजरातीत उत्तर द्यायचो, जणू मला अहिराणी येतच नाही. माझी आई घरात दुसरी कुठली भाषा बोलत नव्हती. या प्रकाराला मी मनातल्या मनात निःपक्षपातीपणा म्हणत असे, आणि त्याचा मला अभिमानही होता.

अशाच एका दिवशी हिलालभाऊ सैंदाणे आणि त्यांची बायको आली.

हिलालभाऊंनी उधन्याच्या एका डाइंग मिलमध्ये आयुष्य काढलं होतं. आता छातीचं दुखणं झालं होतं, काठी टेकत, दर चार पावलांनी थांबत ते आत आले. रमणभाईंनी त्यांना पाणी दिलं, ते अर्धाच ग्लास प्यायले. डिंडोलीतलं आपलं घर त्यांना बायकोच्या नावावर बक्षीस करायचं होतं. मूलबाळ म्हणजे एक मुलगी, ती लग्न होऊन कडोदऱ्याला. वरच्या मजल्यावर धाकटा भाऊ राहायचा, त्याची नजर घरावर होती. आपल्यामागे बायकोला कोणी घराबाहेर काढू नये, एवढीच त्यांची इच्छा होती आणि ती त्यांनी मला न विचारता सांगितली.

त्यांचा अंगठा यंत्र घेईना. रंगाच्या रसायनांनी अंगठ्यावरच्या रेषा झिजून गेल्या होत्या. तिसऱ्या वेळी यंत्रानं घेतला. फोटो निघाला. दस्त मीच लिहून दिलाय, असं त्यांनी साहेबांसमोर कबूल केलं. सगळं झालं, फक्त माझी तपासणी उरली, आणि मी बायकोची कागदपत्रं उघडली.

मतदार कार्डावर आणि रेशन कार्डावर नाव होतं शोभाबाई. आधार कार्डावर इंदूबाई.

मराठी वाचकाला यात काय घडलंय ते सांगायला नको. आपल्याकडे, निदान आमच्या पिढीपर्यंत, लग्नात मुलीचं नाव बदलायचे. ताटात तांदूळ पसरून नवऱ्यानं अंगठीनं नवं नाव लिहायचं, आणि काल ज्या नावानं हाक मारली की ती वळायची त्या नावाला आजपासून वळायचं नाही. गुजराती बाईचं आडनाव बदलतं, तिचं स्वतःचं नाव तिच्याकडेच राहतं. त्यामुळे आमच्या कचेरीत हा घोळ ज्याला बघताक्षणी कळेल असा एकच माणूस होता, तो मी. ही बाई चौथीपर्यंत शिकली होती, शाळेच्या दाखल्यावरून मुलीनं तिचं आधार काढलं, म्हणून त्यावर माहेरचं नाव आलं. हे मला तिनं सांगण्याआधीच कळलं होतं.

पण पलीकडच्या टेबलावरून आवाज आला होता, "तमारावाळा आव्या." मी चिठ्ठी घेतली आणि लिहिलं की लाभार्थीच्या नावात तफावत, ओळख सिद्ध होत नाही.

हिलालभाऊ म्हणाले, "साहेब, इंदू तिना बापनी ठेयेल नाव शे. शोभा आम्ही ठेवं. पस्तीस वरीस व्हयी गयात, मी पाही राह्यनू, एकच बाई शे."

मला हसू आलं होतं. मी ते दाबलं आणि गुजरातीत म्हणालो, "सोगंदनामुं लावो. काले आवजो." प्रतिज्ञापत्र आणा, उद्या या. दस्त हिरव्या कपाटात गेला.

आता मी माझी एक गंमत सांगतो. त्याच्या काही वर्षं आधी मी स्वतः फ्लॅट घेतला होता, माझ्या आणि बायकोच्या नावावर. माझ्या बायकोचं माहेरचं नाव कुसुम, सासरचं मंगल. तिच्या एका कागदावर एक आणि दुसऱ्यावर दुसरं. तो दस्त तपासायला माझ्याच टेबलावर आला. तेव्हा ओळख सिद्ध व्हायला मला किती वेळ लागला असेल? रमणभाईंनी आणलेला चहा संपेपर्यंत दस्ताला नंबर पडला होता.

शोभाबाई दुसऱ्या दिवशी नाही, पण आठवड्यानं प्रतिज्ञापत्र घेऊन आल्या. त्यावर माझी शंका अशी निघाली की ते मराठीत आहे. पुढच्या वेळी गुजरातीत आणलं तर त्यावर दोन साक्षीदारांची ओळख नव्हती. मग साहेबांची बदली झाली. मग कचेरीतले निम्मे लोक निवडणुकीच्या कामाला गेले. मग नवं सॉफ्टवेअर आलं आणि जुन्या सॉफ्टवेअरमधले दस्त त्यात कसे घ्यायचे हे कोणालाच माहीत नव्हतं. या सगळ्याला मी कारणीभूत नव्हतो. पण पहिल्या दिवशी मी चिठ्ठी लावली नसती तर यातलं एकही संकट त्या दस्तापर्यंत पोहोचलं नसतं, हेही मला ठाऊक होतं.

त्या एकूण नऊ वेळा आल्या. पहिल्यांदा नवऱ्याबरोबर, पुढे एकट्या, कारण हिलालभाऊंना आता पायऱ्या चढवत नव्हत्या. सहाव्या वेळी आल्या तेव्हा कपाळ मोकळं होतं. हातातल्या हिरव्या बांगड्या गेल्या होत्या. मी ते पाहिलं. आपल्या माणसाला हे पाहिल्यावर कळायला वेळ लागत नाही. मी एक शब्द विचारला नाही. खिडकीतून म्हणालो, "हजू साहेब नथी आव्या. काले आवजो." इतक्या वर्षांतल्या माझ्या सगळ्या 'काले आवजो'मध्ये हा एक मला विसरता येत नाही.

सात महिन्यांनी नव्या साहेब आल्या. गुजरातीच, नवसारीकडच्या. पहिल्याच आठवड्यात त्यांनी हिरवं कपाट उघडायला लावलं आणि एकेक दस्त काढून मला विचारलं, याला काय झालंय. सैंदाणेंचा दस्त निघाला. मी सांगितलं, बाईची दोन नावं आहेत. त्या म्हणाल्या, "मग? आमच्या शेजारी मराठी बेन राहतात, त्यांचीही दोन आहेत. तुमच्यात असतातच ना?" लिहून देणाऱ्यानं जिवंतपणी साहेबांसमोर कबुली दिलीच होती, त्यामुळे त्याच्या मरणानं काही अडत नव्हतं. त्यांनी सही केली, नंबर पडला. मी नुसता उभा होतो. नवसारीच्या बाईंना जे शेजारणीवरून कळलं होतं, ते मला माझ्या घरावरून कळलं नव्हतं, असाच त्याचा अर्थ झाला.

इथे गोष्ट संपायला हवी होती. पण दस्तावर दोन तारखा असतात, एक लिहून दिल्याची, एक नोंदवल्याची. कायदा सरळ सांगतो की नोंदणी कितीही उशिरा होवो, दस्त लागू होतो लिहून दिल्याच्या दिवसापासून. हे कायद्याला माहीत आहे. गल्लीला माहीत नाही. हिलालभाऊ वारल्याची तारीख या दोन तारखांच्या मधे पडली होती. वरच्या मजल्यावरच्या दिरानं दस्ताची नक्कल काढली, नोंदणीची तारीख बोटानं दाखवत गल्लीभर फिरला आणि म्हणाला, माझा भाऊ मेल्यावर पाच आठवड्यांनी यानं दस्त केलाच कसा? बघता बघता गोष्ट अशी झाली की वहिनीनं मेलेल्या माणसाचा अंगठा घेतला.

मग दिरानं दावा लावला. शोभाबाईंच्या वकिलानं आमच्या कचेरीलाही त्यात ओढलं. उशीर सरकारचा, म्हणून सरकारनं भरपाई द्यावी. असा अर्ज आला की आमच्याकडे फार गंभीर चेहरे होतात. तो उशीर करणारा कारकून कोण, असं विचारलं गेलं आणि मला समन्स आलं.

साक्षीच्या दिवशी मी कोर्टाच्या वऱ्हांड्यात बसलो होतो. शोभाबाई मुलीला घेऊन आल्या आणि माझ्याच बाकावर बसल्या. मी फाइल वाचायचं नाटक केलं. त्या म्हणाल्या, "भाऊ, माले पैसा नही जोयजे. वकीलनी लिखेल शे ते. उशीर हापिसमा झाया, इतलं फक्त लिखी द्या. लोके म्हनतस, मरेल मानूसना अंगठा लिधा. मी बाहेर निंघस तं बाया चूप बसी जातीस."

मुलगी म्हणाली, "आई, ते गुजराती आहेत, त्यांना नाही कळत."

त्या माझ्याकडे बघत म्हणाल्या, "कयस त्यासले." त्यांना कळतं.

सरकारी वकिलांनी मला आधीच पढवून ठेवलं होतं. चुकीसाठी पैसे भरायचे की नाही, याचं उत्तर एका शब्दावर अवलंबून असतं. गुजरातीत शुद्धबुद्धी, आपण मराठीत सद्हेतू म्हणतो. नोंदणी करणाऱ्यानं जे केलं किंवा नाकारलं ते प्रामाणिकपणे केलं असेल, तर त्याच्यावर दावा चालत नाही. कल्पना चांगली आहे, नाहीतर कोणी कारकून भीतीनं पेनच उचलणार नाही. "तुम्ही फक्त एवढंच सांगायचं की तुम्हाला खरोखर शंका आली," वकीलसाहेब म्हणाले. "मग प्रश्न मिटला. तुमच्या निवृत्तीला दहाच महिने उरलेत ना?" हे शेवटचं वाक्य त्यांनी माझ्या काळजीपोटी म्हटलं होतं.

पिंजऱ्यात उभं राहिल्यावर शोभाबाईंच्या वकिलानं मला फार काही विचारलं नाही. चिठ्ठी दाखवली, अक्षर माझंच का, विचारलं. मग म्हणाले, "इंदूबाई आणि शोभाबाई या दोन वेगवेगळ्या बायका असू शकतील, असं तुम्हाला त्या दिवशी खरोखर वाटलं होतं का?"

समोरच्या बाकावर ती एकच बाई बसली होती.

मी म्हणालो, "हा जी."

निकाल दोन्ही बाजूंना रास्त लागला, असं वकील मंडळी म्हणाली. घर शोभाबाईंचं ठरलं, कारण दस्त लिहून दिल्याच्या तारखेपासून लागू. आणि उशिराबाबत कचेरी शुद्धबुद्धीनं वागली असल्यानं तिच्यावर काही जबाबदारी नाही. म्हणजे उशीर झाला होता, पण तो कोणीच केला नव्हता. शोभाबाईंना घर मिळालं आणि जो एक ओळीचा कागद हवा होता तो मिळाला नाही. त्या घरात त्या राहिल्या आणि गल्ली आपलं म्हणणं म्हणत राहिली.

त्या संध्याकाळी बायकोनं विचारलं, कोर्टात काय झालं. मी मोठ्या तोऱ्यात सगळं सांगितलं, शुद्धबुद्धीसकट. ती भाजी निवडत होती. निवडून झाल्यावर म्हणाली, "म्हणजे दोन नावं असली की दोन बायका असू शकतात." मी म्हटलं, तसं नव्हे, ती कायद्याची भाषा असते. ती भाजी घेऊन आत गेली. दुसऱ्या दिवशी सकाळी मी हाक मारली, "मंगल, चहा." आतून उत्तर आलं, "मंगल घरात नाही. कुसुम आहे. तिची ओळख तुम्हाला पटत नाही. उद्या या." हे पाच दिवस चाललं. पाच दिवस मी कोपऱ्यावरच्या टपरीवर चहा प्यायलो आणि टपरीवाल्यानं मला विचारलं की भाभी गावी गेल्या आहेत का. मी हो म्हणालो, कारण खोटं बोलायची आता सवय झाली होती.

निवृत्त झाल्यावर माणसाला वेळ मिळतो, आणि वेळ मिळणं ही आमच्यासारख्यांना मोठी शिक्षा आहे. कपाटाची किल्ली मी परत केली होती, पण कपाट काही डोक्यातून जात नव्हतं. एक दिवस मी कागद घेऊन बसलो. पहिला मसुदा नियम, उपनियम आणि 'सदरहू' वगैरे घालून तीन पानांचा झाला. बायकोनं वाचला आणि म्हणाली, "ती चौथी शिकलीय. आजवर तिला आलेला एकही कागद तिला वाचता आला नाही, सगळे गुजराती नाहीतर इंग्रजी. हा तरी तिला वाचता येईल असा लिहा." मग मी एका पानाचा लिहिला. तोही चार वेळा फाडला.

श्रावणात, नागपंचमीनंतरच्या रविवारी, खानदेशी घरांत कानबाई ही देवी बसते. सोमवारी सकाळी विसर्जन. डिंडोलीत त्या सकाळी गल्लोगल्ली ढोल असतो, बाया फुगड्या घालतात, कानबाईचा पाट डोक्यावर घेऊन मिरवणूक निघते. माझ्या बायकोचं म्हणणं, जायचं तर त्या दिवशी जा, सगळी गल्ली एका ठिकाणी सापडेल. मी म्हटलं, एकट्यात देऊन येतो. ती म्हणाली, "बदनामी एकट्यात झाली होती का?" आणि पदर खोचून बरोबर निघाली.

शोभाबाईंच्याच ओट्यावर गल्लीची कानबाई मांडली होती. त्यांनी मला ओळखलं. तोंडावर काही दाखवलं नाही, बायकोला पाट दिला, मला खुर्ची दिली. मी म्हणालो, मला थोडं बोलायचंय. त्यांनी ढोल थांबवायला सांगितला आणि जमलेल्यांना म्हणाल्या, "हाऊ तो साहेब शे."

इतके लोक एकदम माझ्याकडे बघायला लागल्यावर मी घाबरलो, आणि घाबरलो की मी कायदा सांगतो. दस्त लागू कधी होतो, कबुली म्हणजे काय, नोंदणीची तारीख आणि अंमलाची तारीख यांतला फरक, असं मी बरंच सांगितलं. ढोलवाला ढोलाची दोरी ताणू लागला. दोन बायांनी आपसात नैवेद्याच्या रोटाचं पीठ किती झालं होतं याची चर्चा सुरू केली. दीर दाराला टेकून उभा होता, त्याच्या चेहऱ्यावर समाधान होतं. बायकोनं माझ्या सदऱ्याला मागून हलकेच ओढलं. तेव्हा मी खिशातला कागद काढून वाचला.

त्यात एवढंच होतं. हिलाल सैंदाणे स्वतःच्या पायानं कचेरीत आले होते. ते अर्धा ग्लास पाणी प्यायले. त्यांचा अंगठा तिसऱ्या वेळी उमटला, तेव्हा ते जिवंत होते आणि मी समोर होतो. त्यांची बायको एकच आहे हे मला त्याच दिवशी कळलं होतं. तरी मी कागद सात महिने अडवला. उशीर माझा आहे. कोर्टात मी खोटं बोललो.

माझा आवाज शेवटी बसला होता, त्यामुळे शेवटची ओळ मागच्यांना ऐकू गेली नाही. शोभाबाई म्हणाल्या, "पुन्हा वाचा." मी पुन्हा वाचली.

मी कागद पुढे केला. त्यांनी तो घेतला, ओळीवर बोट ठेवत स्वतः वाचला आणि परत माझ्याकडे दिला.

"तारीख नही शे," त्या म्हणाल्या.

मी पेन काढलं. जुन्या सवयीनं विचारलं, "कोणती टाकू? ते कचेरीत आले होते त्या दिवसाची?"

"आजनी टाका, भाऊ. उशीर दिखाले जोयजे."

मी त्या दिवसाची तारीख टाकली, खाली सही केली. त्यांनी सही पाहिली आणि कानबाईसमोरचं कुंकवाचं ताट पुढे सरकवलं. "अंगठा. डावा." नऊ खेपांत त्यांना सगळं पाठ झालं होतं. मी ओलं कुंकू लावून अंगठा उमटवला. पहिल्याच वेळी स्वच्छ उमटला, आयुष्यभर पेन धरलेल्या माणसाच्या रेषा कशाला झिजतात.

दारातून दीर म्हणाला, "वहिनी, कानबाईले उशीर व्हई राह्यना."

"व्हऊ दे," त्या म्हणाल्या. मग बायांकडे वळल्या. "दोन साक्षीदार लागतीन."

शेजारच्या एक जाडशा बाई पुढे झाल्या. इतका वेळ पिठाचं बोलत होत्या त्या. पेन हातात घेऊन त्यांनी मला विचारलं, "कोनतं नाव लिखू, साहेब? माहेरनं का सासरनं?"

उत्तर शोभाबाईंनी दिलं. "दोन्ही लिख."

दुसरी साक्षीदार मिळायला काहीच वेळ लागला नाही. माझी बायकोच पुढे सरकली. तिनं पेन घेतलं आणि सावकाश, सुंदर अक्षरात आधी कुसुम लिहिलं, मग मंगल.

शोभाबाईंनी कागदाची घडी घातली, कमरेच्या पिशवीत ठेवली आणि ढोलवाल्याला खूण केली. मी मनगटावरच्या घड्याळात पाहिलं. सगळं मिळून सात मिनिटं लागली होती.